‘तू त्यांच्यातली वाटतच नाहीस’

एका वाचक भगिनीचे पत्र (संक्षिप्त): लग्नाला सात वर्षे झाली. माझा समाज वेगळा, सासरचा वेगळा. सुरुवातीला विरोध झाला, पण आज घरात सगळ्यांचा माझ्यावर जीव आहे आणि हे मी भिडेखातर लिहीत नाही. सासऱ्यांचे बँकेचे व्यवहार, सासूबाईंचे औषधपाणी, नणंदेच्या मुलाचा अभ्यास, सगळे विश्वासाने माझ्यावर सोपवले जाते. तरीही माझ्या समाजाचा विषय निघाला की ‘त्या लोकांचा शब्द म्हणजे पाण्यावरची रेघ’, ‘त्यांना वेळेची किंमतच नाही’ अशी वाक्ये कानावर पडतात. मी समोर आहे हे लक्षात आले की सासूबाई म्हणतात, ‘तुझं काही नाही गं, तू त्यांच्यातली वाटतच नाहीस.’ नवरा म्हणतो, त्यांच्या मनात काही नसते, तू मनावर घेऊ नकोस. सात वर्षे मला रोज पाहूनही त्यांचे मत का बदलले नाही? आता माझा भाऊ कुटुंबासह आठ दिवस राहायला येणार आहे. तो मनाने चांगला, पण वेळेच्या बाबतीत बेफिकीर. तो आला तर सासऱ्यांचे म्हणणे खरे ठरेल, या भीतीने मी त्याचे येणे टाळायला बहाणे शोधते आहे. कधीकधी मलाही वाटून जाते की आमचे लोक तसेच आहेत, आणि मग स्वतःचीच लाज वाटते. पाच वर्षांची मुलगी हे सगळे ऐकते. मी बोलावे, गप्प राहावे, की वेगळे राहावे?

सप्रेम नमस्कार,

तुमचा समाज कोणता आणि सासरचा कोणता, हे तुम्ही लिहिलेले नाही आणि ते बरेच झाले, कारण हेच पत्र कुठल्याही देशातून, कुठल्याही दोन समाजांबद्दल लिहिता आले असते. तुम्ही विचारलेल्या सगळ्या प्रश्नांची गाठ माझ्या मते सासूबाईंच्या एका वाक्यात आहे. ‘तू त्यांच्यातली वाटतच नाहीस’ असे त्या तुमची समजूत काढण्यासाठी म्हणतात, तुम्हीही आजवर ते कौतुक म्हणून स्वीकारलेत, आणि सात वर्षांच्या सहवासाचा त्यांच्या मतावर परिणाम का झाला नाही, याचे उत्तरही त्याच वाक्यात आहे. तुमचा नेमकेपणा, तुमचा वक्तशीरपणा, तुमचा शब्द पाळण्याचा स्वभाव हे सगळे त्यांनी पाहिले, मान्य केले आणि तुमच्या एकटीचे म्हणून बाजूला काढून ठेवले. तुमच्या समाजापर्यंत त्याचे श्रेय पोहोचू नये, याची व्यवस्था त्या वाक्याने केली.

गॉर्डन ऑलपोर्ट या अमेरिकी मानसशास्त्रज्ञाने १९५४ साली पूर्वग्रहांवरच्या आपल्या ग्रंथात या खोडीचे वर्णन करून ठेवले आहे. आपल्या समजुतीत न बसणारी वस्तुस्थिती समोर आली की माणूस ती अपवाद म्हणून मान्य करतो आणि मनातल्या शेताला घाईघाईने पुन्हा कुंपण घालून टाकतो, असे त्याचे म्हणणे. अपवाद मान्य केला की समजूत तपासून पाहण्याची गरज उरत नाही, उलट आपण किती मोकळ्या मनाचे आहोत याचा पुरावाही हाती येतो. पुढच्या संशोधकांनी ही प्रक्रिया प्रयोगांतून अधिक बारकाईने पाहिली. झिवा कुंडा आणि कॅथरिन ओलेसन यांनी १९९५ साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत, वकील म्हणजे बोलके आणि चारचौघांत रमणारे अशी सर्वसाधारण समजूत असताना, लोकांना एका अबोल वकिलाची ओळख करून दिली. ज्यांना एवढेच सांगितले, त्यांचे एकूण वकिलांविषयीचे मत थोडे तरी हलले. ज्यांना त्या वकिलाविषयी आणखी एक किरकोळ गोष्ट कळली, म्हणजे तो एका छोट्या कार्यालयात काम करतो एवढीच, त्यांचे मत मात्र होते तिथेच राहिले, आणि गंमत अशी की तो मोठ्या कार्यालयात काम करतो असे सांगितल्यावरही तेच घडले. तपशील कोणता आहे याला महत्त्व नव्हते. अपवाद ठरवायला एखादे निमित्त मिळाले, एवढे पुरले. तुमच्या बाबतीत असे निमित्त शोधायला कुणाला फार लांब जावे लागले नसेल. ‘शिकलेली आहे’, ‘लहानपणापासून बाहेर राहिली’, ‘आपल्या घरात आली म्हणून वळण लागले’ यांपैकी एखादे वाक्य तुम्ही नक्की ऐकले असेल.

थॉमस पेटिग्रू यांनी १९७९ साली याचीच दुसरी बाजू मांडली. परक्या गटातील माणूस वाईट वागला तर ते त्या लोकांच्या स्वभावातच आहे असे मानले जाते, आणि चांगला वागला तर त्याला नशीब, परिस्थिती, विशेष मेहनत किंवा ‘तो वेगळा आहे’ अशी कारणे दिली जातात. म्हणजे हिशेब असा मांडलेला असतो की वाईट ते सगळ्यांचे आणि चांगले ते एकाचे. अशा हिशेबात तुम्ही आणखी सात वर्षे आदर्श सून म्हणून वावरलात, तरी आपल्या समाजाविषयीचे मत बदलेल, ही अपेक्षा ठेवू नका.

तुमचा नवरा म्हणतो त्यात अर्धे खरे आहे, तेही सांगितले पाहिजे. सासरच्यांचे तुमच्यावरचे प्रेम खोटे नाही. पूर्वग्रह म्हणजे द्वेष, आणि जिथे द्वेष नाही तिथे पूर्वग्रह नाही, अशी आपली ढोबळ कल्पना असते, पण पीटर ग्लिक आणि सुझन फिस्क यांनी १९९६ पासून स्त्रियांविषयीच्या पूर्वग्रहांचा जो अभ्यास केला, त्यात जिव्हाळा, कौतुक आणि कमी लेखणे या गोष्टी एकाच मनात बिनदिक्कत एकत्र नांदताना दिसतात. एखाद्या व्यक्तीवर जीव असणे आणि तिच्या समाजाला कमी लेखणे यांत मनाला विसंगती जाणवत नाही, आणि ती जाणवू न देण्याचे काम ‘तू वेगळी आहेस’ हेच वाक्य करते. तेव्हा त्यांचे प्रेम खरे की खोटे, या विचारात रात्री घालवू नका. ते खरे आहे, आणि तरीही त्यांचे बोलणे थांबायला हवे.

आता तुमच्या भावाकडे येतो, कारण पत्रात तो प्रश्न तुम्ही ओझरता विचारला असला तरी मला तो सर्वांत महत्त्वाचा वाटतो. सासरच्यांनी दिलेली सवलत टिकवण्यासाठी तुम्ही आता तुमच्याच माणसाला दारातून परत पाठवायला निघाला आहात. निकोल शेल्टन, जेनिफर रिचेसन आणि त्यांच्या सहकाऱ्याने २००५ साली दाखवून दिले की समोरची व्यक्ती आपल्याविषयी पूर्वग्रह बाळगून असेल अशी अपेक्षा असली की अल्पसंख्य गटातील माणसे संभाषणात अधिक पुढाकार घेतात, अधिक जुळवून घेतात. समोरच्याला भेट सुखद वाटते, आणि यांना मात्र आपण आपल्यासारखे वागलोच नाही असे वाटत राहते. तुमची सात वर्षे मला त्या प्रयोगाची लांबलेली आवृत्ती वाटतात. तुम्ही मनापासून वक्तशीर असाल तर वक्तशीरच राहा. पण वक्तशीरपणा ही परीक्षा झाली असेल, तर तिचा निकाल कधीच लागणार नाही हे ओळखा.

भाऊ उशिरा येईल आणि सासऱ्यांच्या ते लक्षात राहील, ही तुमची भीती मात्र निराधार नाही. डेव्हिड हॅमिल्टन आणि रॉबर्ट गिफर्ड यांनी १९७६ साली लोकांना ‘अ’ आणि ‘ब’ अशा दोन काल्पनिक गटांतील माणसांविषयी वाक्ये वाचायला दिली. ‘अ’ गटाविषयी २६ वाक्ये होती, त्यांतील १८ चांगल्या आणि ८ वाईट वागण्याची. ‘ब’ गटाविषयी १३ होती, ९ चांगल्या आणि ४ वाईट वागण्याची. दोन्हीकडे प्रमाण तंतोतंत सारखे. तरीही वाचणाऱ्यांनी लहान गटाच्या नावावर प्रत्यक्षात होते त्याहून जास्त वाईट वागणे टाकले आणि त्या गटाविषयी त्यांचे मत खालावले. याचे एक कारण असे सांगितले जाते की विरळ दिसणाऱ्या गटातील माणसाकडून विरळ घडणारी गोष्ट घडली की ती लक्षात रुतून बसते. तिथे द्वेष नव्हता, जुने वैर नव्हते, गटांना नावेसुद्धा नव्हती, आणि तरी हे झाले. तुमच्या घरात तर मत आधीच तयार आहे.

असे असूनही मी सांगेन की भावाला येऊ द्या, आणि येण्याआधी त्याला वागण्याचे धडे देऊ नका. तो उशिरा आला आणि सासरे तुमच्याकडे अर्थपूर्ण नजरेने पाहू लागले, तर ‘हो, दादा नेहमीच उशिरा येतो, लहानपणापासून आईची बोलणी खातो’ एवढेच हसून म्हणा. या साध्या वाक्यात उशीर दादाचा झाला, समाजाचा राहिला नाही. सासरच्या नात्यातही कुणीतरी वेळ न पाळणारे असणारच. त्यांच्या उशिराला घरात ‘त्याचा स्वभाव’ म्हणतात की ‘आपले लोकच असे’ म्हणतात, हे एकदा लक्ष देऊन ऐका. लगेच बोलून दाखवू नका; नवऱ्याशी बोलताना ते उपयोगी पडेल.

भाऊ येण्याचा आणखी एक फायदा आहे. रेनी वेबर आणि जेनिफर क्रॉकर यांनी १९८३ साली पाहिले की समजुतीला छेद देणारी माहिती दोनचार माणसांतच एकवटलेली असेल, तर ती माणसे अपवाद म्हणून वेगळी काढली जातात आणि समजूत टिकते. तीच माहिती थोडीथोडी अनेक माणसांत विखुरलेली असेल, तर समजूत जास्त बदलते. याचा तुमच्यापुरता अर्थ असा की सासरच्यांना एका असामान्य सुनेपेक्षा तुमच्या समाजातील आठदहा सामान्य माणसे माहीत असण्याचा उपयोग अधिक. वेळ न पाळणारा पण दुखण्याखुपण्यात रात्रभर बसणारा भाऊ, कडक शिस्तीची मावशी, विसराळू काका, हिशेबाला पक्की वहिनी अशी माणसे येत-जात राहिली की कुणाकुणाला अपवाद म्हणायचे, हा प्रश्न सासूबाईंनाच पडेल. ही माणसे नमुना म्हणून आणू नका; तुम्हाला ती भेटावीशी वाटतात म्हणून बोलवा.

सहवासाने पूर्वग्रह कमी होतात, हे तुम्ही कुठेतरी वाचले असणार आणि म्हणूनच तुमचा जास्त हिरमोड झाला आहे. ते चुकीचे नाही. पेटिग्रू आणि लिंडा ट्रॉप यांनी २००६ साली ५१५ अभ्यास एकत्र तपासले, आणि त्यांतील फार मोठ्या बहुसंख्येत परस्परसंपर्क आणि कमी पूर्वग्रह हे एकत्र आढळले. परंतु संपर्क कोणाशी झाला असे समोरच्याला वाटते, यावर बरेच अवलंबून असते. डेव्हिड वाइल्डर यांनी १९८४ साली प्रतिस्पर्धी महाविद्यालयांच्या विद्यार्थ्यांवर केलेल्या प्रयोगांत, समोरच्या महाविद्यालयाची प्रातिनिधिक वाटणारी विद्यार्थिनी सौजन्याने वागली, तेव्हा त्या महाविद्यालयाविषयीचे मत सुधारले. तेच सौजन्य प्रातिनिधिक न वाटणाऱ्या विद्यार्थिनीने दाखवले, तेव्हा तिचे कौतुक झाले आणि महाविद्यालयाविषयीचे मत तसेच राहिले. तुम्ही आजवर घरात आपल्या माहेरचा उल्लेख टाळत आला असाल, असा माझा अंदाज आहे. बहुतेक जणी तसेच करतात, कारण त्याने त्या दिवसापुरती शांतता राहते. यापुढे तो टाळू नका. सासऱ्यांनी एखाद्या व्यवहारातल्या चोखपणाबद्दल तुमची पाठ थोपटली, तर ‘हे मला आमच्या आत्याने शिकवले, ती रोजचा हिशेब लिहिल्याशिवाय झोपत नसे’ असे सांगा. मात्र ‘आमच्याकडे सगळे असेच चोख असतात’ असे म्हणू नका, कारण ते वाक्य सासऱ्यांच्या वाक्याच्याच जातकुळीचे आहे आणि तुमच्या भावाने ते दोन दिवसांत खोटे पाडलेले असेल.

बोलावे की गप्प राहावे, या प्रश्नाआधी एक गोष्ट. आजवर गप्प राहिल्याबद्दल स्वतःला दोष देऊ नका. ज्युली वुडझिका आणि मरियान लाफ्रान्स यांच्या २००१ सालच्या अभ्यासात काही स्त्रियांना, नोकरीच्या मुलाखतीत अयोग्य, लैंगिक रोखाचे प्रश्न विचारले गेले तर तुम्ही काय कराल, असे विचारले. त्यांनी संताप, प्रतिप्रश्न, उठून निघून जाणे अशी उत्तरे दिली. दुसऱ्या स्त्रियांना खरोखरच्या वाटणाऱ्या मुलाखतीत तसे प्रश्न विचारले गेले, तेव्हा त्यांना रागापेक्षा भीती जास्त वाटली आणि उत्तर द्यायला एकीनेही नकार दिला नाही. दुरून पाहणाऱ्याला बोलणे सोपे वाटते. तुमची मैत्रीण ‘मी असते तर तिथल्या तिथे सुनावले असते’ म्हणाली, तर तिचे मनावर घेऊ नका.

आता मुख्य सल्ला, आणि तो तुम्हाला कदाचित रुचणार नाही. पहिल्यांदा बोलायचे ते तुम्ही नव्हे, तुमच्या नवऱ्याने. शेरिल कैझर आणि कॅरोल मिलर यांनी २००१ साली लोकांना एका कृष्णवर्णीय विद्यार्थ्याची हकीकत वाचायला दिली, ज्याला चाचणीत नापास केले गेले होते. आपल्या अपयशाचे कारण भेदभाव आहे असे तो म्हणाला, तेव्हा वाचणाऱ्यांनी त्याला कुरकुऱ्या ठरवले, आणि भेदभाव झाला असण्याची शक्यता जवळजवळ निश्चित आहे हे सांगितल्यानंतरही त्यांचे मत बदलले नाही. अलेक्झांडर चॉप आणि मार्गो मोन्टीथ यांना २००३ साली असे आढळले की ज्या गटाविषयी शेरा मारला, त्याच गटातील माणसाने हटकले तर ऐकणाऱ्याला ती अतिसंवेदनशीलता वाटते. त्या गटाबाहेरच्या माणसाने हटकले तर अपराधी वाटण्याची शक्यता जास्त असते. हा न्याय नाही, पण वस्तुस्थिती आहे, आणि घरात तिचा उपयोग करून घेणे शहाणपणाचे आहे. तुम्ही बोललात तर ‘सुनेला लागले’ असे होईल आणि सगळे तुमची समजूत काढू लागतील. मुलगा बोलला तर ‘आपल्याच घरातला माणूस हे चालवून घेत नाही’ असे होईल.

नवऱ्याला हे पटवताना ‘तुझे आईवडील पूर्वग्रहदूषित आहेत’ अशी सुरुवात केलीत, तर तो त्यांचा वकील होऊन बसेल. त्याचा बेफिकीरपणा दुष्टपणा नाही, एवढे आधी मान्य करा. केरी कावाकामी आणि सहकाऱ्यांनी २००९ साली दाखवले की आपल्यासमोर कुणी वर्णद्वेषी शेरा मारला तर आपल्याला फार वाईट वाटेल, असे लोक आधी सांगतात, आणि प्रत्यक्षात तसे घडते तेव्हा त्यांना फारसे काही वाटत नाही. शेरा मारणाऱ्याशीच ते पुढे जोडी जमवतात. नवऱ्याचे तेच झाले आहे. ज्या वाक्यांत तो वाढला, ती त्याला ऐकूच येत नाहीत. म्हणून त्याला मत बदलायला सांगू नका, काम सांगा: पुढच्या वेळी असे वाक्य आले की तू म्हणायचे, ‘बाबा, घरात असे बोलणे मला आवडत नाही, आणि माझ्या मुलीसमोर तर नाहीच.’ इतकेच. युक्तिवाद नको, व्याख्यान नको, आणि मी वर जे प्रयोग सांगितले ते जेवणाच्या पानावर ऐकवणे तर मुळीच नको. चॉप, मोन्टीथ आणि एमी मार्क यांच्या २००६ सालच्या प्रयोगांत, साचेबंद उत्तर दिल्याबद्दल ज्यांना हटकले गेले, ते हटकणाऱ्यावर नाराज झाले, पण नंतर त्यांनी तशी उत्तरे कमी दिली. सासरे चार दिवस अबोला धरतील. नवऱ्याला याची आधीच कल्पना द्या, नाहीतर पहिल्या अबोल्यालाच तो माघार घेईल.

तुमचे स्वतःचे बोलणे त्यानंतर, आणि तेही चारचौघांत नाही. सासूबाईंशी त्यांचा तुमच्यावर जीव आहे म्हणूनच एकटीने बोलता येईल. ‘आई, तुम्ही मला वेगळी म्हणता ते मायेने म्हणता, हे मला कळतं. पण मी माझ्या आईवडिलांचीच मुलगी आहे. तुम्हाला माझ्यात जे आवडतं ते त्यांच्याकडूनच आलंय. त्यांना बाजूला काढून माझं कौतुक झालं, की मला ते घेताच येत नाही.’ शब्द तुमचे घ्या, आशय एवढाच ठेवा. सासऱ्यांच्या बाबतीत प्रश्न विचारणे अधिक उपयोगी ठरेल: ‘बाबा, कुणी शब्द मोडला होता? काय झालं होतं?’ अशा ठाम मतांमागे पुष्कळदा एखादा खरा माणूस, एखादा बुडालेला व्यवहार असतो. कधीकधी काहीच नसते, फक्त कुणाचेतरी ऐकलेले असते. माणूस असला तर बोलणे त्याच्याविषयी होऊ द्या, त्यांना खरोखर फसवले गेले असेल तर सहानुभूतीही दाखवा. काहीच नसले तर ते त्यांच्याच लक्षात येईल, आणि ते तुम्ही बोलून दाखवण्याची गरज नाही.

मुलीच्या बाबतीत मात्र थांबू नका. मार्जोरी ऱ्होड्स, सारा-जेन लेस्ली आणि क्रिस्टिना टॉरेक यांनी २०१२ साली चार वर्षांच्या मुलांना ‘झार्पी’ नावाच्या काल्पनिक लोकांचे चित्रांचे पुस्तक दाखवले. काहींना ‘झार्पी लोक अमुक किड्याला घाबरतात’ अशा सरसकट वाक्यांत, तर काहींना ‘हा झार्पी अमुक किड्याला घाबरतो’ अशा एकेका माणसाच्या वाक्यांत. पहिल्या गटातील मुले झार्पींकडे जन्मतःच काही वेगळ्या गुणधर्मांची जात म्हणून पाहू लागली. प्रौढांवरही हाच परिणाम झाला. आणि ज्या पालकांच्या मनात झार्पींविषयी तशी कल्पना रुजवली गेली, ते मुलांशी बोलताना अधिक सरसकट वाक्ये वापरू लागले. लक्षात घ्या, त्या वाक्यांत निंदा नव्हती. ‘ते लोक असे असतात’ या वाक्याचा घाटच मुलाला शिकवून जातो की ‘ते लोक’ ही एकच वस्तू आहे. त्यामुळे आजोबांचे वाईट वाक्य आणि तुमचे चांगले वाक्य, दोन्ही मुलीसमोर माणसांच्या नावांवर आणायला हवीत. ‘मामा उशिरा येतो, पण गोष्टी छान सांगतो.’ पाच वर्षांच्या मुलीला एवढे पुरते.

दुसरे असे की ती तुमचा चेहरा वाचते. इटलीत लुइजी कास्तेल्ली आणि सहकाऱ्यांनी २००८ साली बालवाडीतील मुलांना एका गोऱ्या प्रौढाची कृष्णवर्णीय व्यक्तीशी झालेली भेट चित्रफितीत दाखवली. त्यांच्या मतावर प्रौढाच्या शब्दांपेक्षा त्याच्या हावभावांतील मोकळेपणाचा किंवा अवघडलेपणाचा परिणाम जास्त झाला. माहेरचा फोन आला की तुम्ही दुसऱ्या खोलीत जात असाल, भाऊ बोलत असताना सासऱ्यांकडे चोरून पाहत असाल, तर त्यातून मुलगी तुमच्या माणसांविषयी काहीतरी शिकत असते. भाऊ आला की तिला त्याच्या हवाली करा आणि तुम्हीही मोकळेपणाने हसा.

‘आमचे लोक तसेच आहेत’ हा विचार तुमच्याही मनात येतो, याची लाज बाळगू नका. पॅट्रिशिया डिवाइन यांनी १९८९ साली दाखवले की पूर्वग्रह बाळगणाऱ्यांना आणि न बाळगणाऱ्यांना समाजातील साचेबंद प्रतिमा सारख्याच ठाऊक असतात. फरक त्या मानण्या-न मानण्यात आणि त्यांच्यावर लक्ष ठेवण्यात असतो. रोज कानावर पडणारे वाक्य तुमच्या मनातही उमटणारच. भावाला उशीर झाला आणि ते उमटले, तर त्याच आठवड्यात वेळेवर आलेली तुमच्या समाजाची माणसे आठवा. ती असतात, फक्त त्यांच्या वेळेवर येण्याची नोंद कुणी घेत नाही.

अपेक्षा किती ठेवाव्यात, तेही सांगतो. सासऱ्यांचे मत या वयात मुळापासून बदलेल, असे मी म्हणणार नाही. बोलणे बदलणे मात्र शक्य आहे. ख्रिश्चन क्रँडल आणि सहकाऱ्यांनी २००२ साली १०५ गटांविषयी विचारणा केली, तेव्हा एखाद्या गटाविषयी पूर्वग्रह व्यक्त करणे लोकांना किती मान्य वाटते आणि प्रत्यक्षात तो किती व्यक्त होतो, यांत जवळजवळ पूर्ण मेळ निघाला. आपल्या घरात काय चालते आणि काय चालत नाही, याकडे पाहून माणसे बोलतात. मनात तेच ठेवून नुसते तोंडाने गप्प बसण्याला पुष्कळ लोक ढोंग म्हणतील. मी म्हणणार नाही, कारण न उच्चारलेले वाक्य तुमच्या मुलीच्या कानावर पडत नाही.

राहिला वेगळे राहण्याचा प्रश्न. आज, नवऱ्याने एकदाही तोंड उघडलेले नसताना, तो निर्णय घेणे घाईचे होईल, आणि त्याचे खापर तुमच्यावर व तुमच्या समाजावर फुटेल हे उघड आहे. त्याला बोलण्यासाठी काही महिन्यांची संधी द्या. तो बोललाच नाही, तर तुमचा खरा प्रश्न सासू-सासरे नसून तो आहे, हे तुम्हाला कळेल, आणि मग ते त्याच्याशी स्पष्ट बोलावे लागेल. तो बोलला आणि तरीही मुलीसमोर तीच वाक्ये चालू राहिली, तर वेगळे राहा. त्या वेळी शाळा लांब पडते किंवा जागा अपुरी पडते असे निमित्त पुढे करू नका. खरे कारण नवऱ्याच्या तोंडून, आवाज न चढवता सांगितले जाऊ द्या. सासऱ्यांचे बँकेचे काम आणि सासूबाईंची औषधे तुम्ही पूर्वीसारखी पाहू शकाल, तुमची इच्छा असेल तर, आणि मुलीचे आजी-आजोबांकडे जाणे-येणे मात्र बंद करू नका.